मेंडेनहॉल: आधी सायकल, मग बीअर

अलास्कातल्या जुनो शहरापासून मेंडेनहॉल हिमनदी साधारण 20 किलोमीटरवर आहे. गाईडसोबत तिथं सायकल सहल होते आणि शेवटी वेगवेगळ्या बीअरची चव घेता येते. या सहलीत खरा त्रास चढाचा नाही, पावसाचा. हे टोंगासचं वर्षावन, भर उन्हाळ्यातही ओलं. सुती कपडे भिजले की वाळत नाहीत आणि थांबल्याबरोबर हुडहुडी भरते. आत लोकरी किंवा सिंथेटिक, वर वॉटरप्रूफ जॅकेट हवं. हातमोजे पूर्ण बोटांचेच घ्या, गारठलेल्या बोटांनी ब्रेक नीट दाबला जात नाही. रिम ब्रेक (चाकाच्या धातूच्या कड्याला, म्हणजे रिमला दाबणारे) असतील तर ओल्या रिमवर पकड उशिरा येते, म्हणून उतारावर आधीपासूनच हलके दाबत राहा.

हिमनदीजवळच्या नगेट धबधब्यापर्यंत मात्र चालत जायचं, जाऊन-येऊन सुमारे 3 किलोमीटर. ढगाळ हवेला नावं ठेवू नका, बर्फाची निळाई तेव्हाच जास्त खुलते.

बीअर सायकली परत केल्यावरच. वय 21 पूर्ण हवं. पासपोर्ट सोबत ठेवा. चव फिकट बीअरपासून गडदकडे घ्या. आल्डर झाडाच्या लाकडावर धुरावलेल्या माल्टची (मोड आणून वाळवलेल्या धान्याची) स्मोक्ड पोर्टर ही गडद बीअर मिळाली, तर ती अगदी शेवटी. आधी प्यायलात, तर पुढची प्रत्येक बीअर पाणचट लागेल.