८२च्या मोर्चात ट्राम

मी डॉक्युमेंटरी आणि टीव्हीवाल्यांना जुनं फुटेज शोधून द्यायचं काम करते. म्हणजे दिवसभर लॅपटॉपवर वॉटरमार्क मारलेल्या धूसर क्लिपा बघायच्या आणि टाइमकोड लिहून काढायचे, ग्लॅमर शून्य, डोळ्यांची मात्र वाट.

तेव्हा गिरणी संपावरचा एपिसोड चालू होता. १८ जानेवारी १९८२, डॉ. दत्ता सामंत, अडीच लाखांच्या आसपास कामगार, हे सगळ्यांना पाठ आहे, पण आमच्या हाती लागलेलं हलतं चित्र अगदीच थोडं. अशात एका खाजगी कलेक्शनकडून ४० सेकंदांचा शॉट आला. लालबाग साइडचा रस्ता, टोप्या, वर गेलेल्या मुठी, झेंडे (लाल असणार, ब्लॅक अँड व्हाइटमध्ये काय कळतंय). लेबल, 'मिल स्ट्राइक, १९८२'. एडिटर जाम खूश, शुक्रवारी एपिसोड लॉक होणार होता.

बुधवारी रात्री सवयीने फ्रेम फ्रेम पुढे ढकलत बघत होते तर ३१व्या सेकंदाला डोक्यांच्या मागून काहीतरी सरकत गेलं. आधी वाटलं बेस्टची बस. पण बस गर्दीत जरातरी इकडेतिकडे होते ना, हे आपलं एका रेषेत, आणि वर तारेला टेकलेला दांडा. म्हटलं मेले, ही तर ट्राम! मुंबईतली शेवटची ट्राम बोरीबंदर ते दादर धावली ३१ मार्च १९६४ला.

सकाळी कलेक्शनवाल्या काकांना फोन केला, डबा उघडून फिल्मच्या कडेचा फोटो पाठवा म्हटलं. "व्हिनेगरचा वास मारतोय गं," म्हणाले (जुनी फिल्म खराब व्हायला लागली की येतो तसा), पण पाठवला. कोडॅकच्या जुन्या फिल्मच्या कडेला गोल, चौकोन, त्रिकोण अशा खुणा असतात, त्यावरून फिल्म बनल्याचं वर्ष कळतं, फक्त गोची ही की दर २० वर्षांनी त्याच खुणा परत यायच्या. तक्त्यात जुळवलं तर १९४१, १९६१ किंवा १९८१. म्हणजे कुणीतरी ८१ धरलं असणार, आदल्या वर्षीची फिल्म जानेवारीत वापरली, बसतंय की सगळं! ट्राम नसती तर मीपण मान डोलावली असती. हा मोर्चा दुसराच कुठलातरी, निदान वीसेक वर्षं आधीचा.

डिरेक्टर म्हणाला, "ताई, खाली म्युझिक टाकलं की मागची ट्राम कोण बघतंय?"

"लालबागमधली यच्चयावत म्हातारी माणसं. आणि पहिला फोन तुलाच येणार."

शॉट गेला. त्याजागी पेपरांतले फोटो आणि एका रिटायर्ड साचेवाल्याचा (गिरणीत मागावर काम करणाऱ्याचा) इंटरव्ह्यू जरा लांबवला, एडिटर दोन दिवस माझ्याशी धड बोलला नाही. कलेक्शनला मी ट्रामचा फ्रेमग्रॅब जोडून सविस्तर मेल केली, 'थँक यू, अपडेट करतो' असं उत्तरही आलं.

मागच्या महिन्यात सहज त्यांची लिस्ट उघडली. लेबल अजून तेच आहे, सेकंदाचा रेट तेवढा वाढलाय.