मधली २३ वर्षं

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. ब्रिटिश अभिनेत्री ग्लेंडा जॅक्सनवर बोलायला मी कुठेही गेले की शेवटी हा प्रश्न येतोच: दोन ऑस्कर मिळवलेली बाई अभिनय सोडून २३ वर्षं खासदार राहिली, हे वाया घालवणं नाही का? विचारणाऱ्याच्या आवाजात हळहळ असते. मला त्या हळहळीचाच राग येतो.

इंग्लंडमधल्या बर्कनहेडच्या गवंड्याची ही मुलगी. आधी 'बूट्स' या औषधांच्या दुकानात नोकरी केली, मग 'राडा' या लंडनच्या नाट्यशाळेत शिकायला गेली. १९७१ मध्ये बीबीसीच्या मालिकेत पहिली एलिझाबेथ राणी करताना तिने कपाळावरचे केस खरोखर भादरून घेतले. त्याच वर्षी मोरकम आणि वाइज या विनोदी जोडीबरोबर क्लिओपात्रा होऊन तिने धमाल केली. ती पाहूनच दिग्दर्शक मेल्विन फ्रँकने तिला 'अ टच ऑफ क्लास'मध्ये घेतलं आणि दुसरं ऑस्कर आलं. हे सगळं तुम्हाला भारी वाटतं. मग भादरलेलं कपाळ म्हणजे निष्ठा आणि मतांसाठी हॅम्पस्टेडची, म्हणजे लंडनमधल्या तिच्या मतदारसंघाची, दारं ठोठावणं म्हणजे भरकटणं, हे कसं?

१९९२ मध्ये निवडून आली तेव्हा ती ५५ वर्षांची होती. त्या वयाच्या बाईला कोणत्या भूमिका मिळतात ते पाहा. लेखक बाईला नाटकाच्या केंद्रस्थानी ठेवतच नाहीत, ही तिची कायमची तक्रार होती. पण नाही, हा बचावही खरा नव्हे. कामं नव्हती म्हणून ती गेली नाही. थॅचरबाईंच्या राजवटीने देशाचं जे केलं, त्याची चीड तिला तिथे घेऊन गेली.

त्या चिडीचं पुढे काय झालं, ते १० एप्रिल २०१३ ला दिसलं. थॅचरबाई दोनच दिवसांपूर्वी वारल्या होत्या आणि श्रद्धांजलीसाठी सभागृह खास बोलावलं होतं. एकामागून एक गौरवाची भाषणं झाली. मग ही उठली, ७६ वर्षांची. पोपडे आलेल्या शाळांच्या भिंती मुलांच्या चित्रांनी आणि चिकटपट्टीने कशा झाकलेल्या असत, पुस्तकांची कपाटं कशी रिकामी असत, लंडनच्या दुकानांच्या दारात रात्री माणसं कशी झोपत, हे तिने सांगितलं. हाव, स्वार्थ, दुबळ्यांची बेपर्वाई हे दुर्गुण आहेत असं आम्हाला शिकवलं होतं, यांनी त्यांनाच सद्गुण ठरवलं, असं ती म्हणाली. समोरच्या बाकांवरून आरडाओरडा झाला. ती थांबली नाही. थॅचर या पहिल्या महिला पंतप्रधान खऱ्या, पण माझ्या व्याख्येतली बाई त्या नव्हेत, इथे तिने शेवट केला. हुजूर पक्षाच्या एका सदस्याने हरकत घेतली. भाषणात संसदीय नियमांबाहेरचं काही नाही, असं सभापतींनी सांगितलं.

ते चित्रण पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी अवघडून गेले होते. गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये, हेच ऐकत मी वाढले. 'ही संसद आहे, रंगमंच नव्हे,' असं मी तेव्हा वहीत लिहून ठेवलं. तेव्हाच्या मला आज विचारावंसं वाटतं: त्या गोंगाटाच्या वर ऐकू येईल असा आवाज दुसऱ्या कुणाचा होता? तो आवाज रंगभूमीवरच कमावलेला होता ना? यावर ती जुनी मी म्हणते, म्हणजे तुलाही शेवटी अभिनयच आवडला. तिला गप्प करणं मला अजून जमलेलं नाही.

२०१६ मध्ये, ८० व्या वर्षी, लंडनच्या 'ओल्ड व्हिक' नाट्यगृहात तिने शेक्सपिअरचा म्हातारा राजा, किंग लिअर केला. खासदार म्हणून वृद्धाश्रमांत जाताना तिच्या लक्षात आलं होतं की म्हातारपणी पुरुष-बाई ही सीमारेषा पुसट होत जाते. हे सांगितलं की लोक खूश होतात: म्हणजे ती वर्षं फुकट गेली नाहीत तर! अहो, ते म्हातारे काय तिच्या तालमीचं सामान होते? लिअर झाला नसता तरी त्यांच्या दारात जाणं हे कामच होतं.

आणि तरी, तुम्ही विचारलंत म्हणून हेही सांगते. परिवहन खात्यात ती राज्यमंत्रीही नव्हती, त्याच्या खालच्या पायरीवर होती, तीही दोनच वर्षं. इराक युद्धाला तिने स्वतःच्याच मजूर पक्षाच्या सरकारविरुद्ध जाऊन विरोध केला, युद्ध झालंच. २०१० मध्ये ती फक्त ४२ मतांनी निवडून आली. २२ जणांनी आपलं मत तिच्या प्रतिस्पर्ध्याला दिलं असतं, तर लिअर पाच वर्षं आधी आला असता का? त्याच्याबरोबर आणखी काय काय आलं असतं? हा विचार माझ्या मनात येतो, आणि तो येतो हे मला आवडत नाही.