सोळा कॅमेरे आणि सात ठिपके

गेल्या वर्षी दहीहंडीच्या दुसऱ्या दिवशी पहाटे आमच्या सोसायटीतून एक स्कूटर गेली. चिंचवडमधली तीन विंगची, 54 फ्लॅटची साधी सोसायटी. गेटवर पिवळी पाटी आहे : 'आपण सीसीटीव्हीच्या निगराणीखाली आहात'. कॅमेरे सोळा. त्यामुळे ज्याची स्कूटर गेली तो बी विंगमधला मुलगा तसा निवांत होता. म्हणाला, "काकू, फुटेज काढू, सापडेल."

फुटेज काढायला बसलो तर आधी पासवर्डच कुणाला आठवेना. सेक्रेटरींनी जुनी डायरी उलटीपालटी केली. शेवटी ज्याने यंत्रणा बसवली होती त्याला फोन लावला, तर तो हसत म्हणाला, "बदललाच नव्हता, मॅडम. कंपनीकडून आला तोच आहे." मग घड्याळाचा घोळ. डीव्हीआरची, म्हणजे चित्र साठवणाऱ्या यंत्राची, वेळ 47 मिनिटं पुढे होती. आतला सेल संपलेला आणि इंटरनेटवरून वेळ जुळवून घेण्याची सोय कधी चालूच केली नव्हती. पाच माणसं खुर्च्या ओढून त्या छोट्या पडद्यापुढे बसलो आणि मनातल्या मनात 47 वजा करत राहिलो. अखेर सापडला तो क्षण. एक पांढरट आकृती स्कूटर ढकलत गेटबाहेर गेली. चेहरा म्हणजे पिठाचा ठिपका. चौकीतल्या हवालदारांनी पेनड्राइव्ह लावून पाहिलं. "ताई, माणूस आहे एवढं कळतंय," म्हणाले, "पुढे काय करू?"

मी खजिनदार. बँकेतून निवृत्त होऊन चार वर्षं झाली. कमिटीच्या बैठकीत चेअरमन म्हणाले, "तुम्ही बँकेत होतात, कॅमेऱ्याचं तुम्हीच बघा." बँकेत होतं म्हणजे सगळं येतं, असं लोकांना का वाटतं देव जाणे. पण एक गोष्ट मला खरंच बँकेनं शिकवली होती. नोटाबंदीत, 13 डिसेंबर 2016 ला रिझर्व्ह बँकेची सूचना आली की 8 नोव्हेंबर ते 30 डिसेंबरचं शाखांमधलं सगळं रेकॉर्डिंग जपून ठेवा. तेव्हा आमच्या शाखेत पहिला प्रश्न पडला तो हा, की पस्तीस दिवसांपूर्वीचं अजून डिस्कवर आहे का? हे यंत्र काहीच कायमचं साठवून ठेवत नाही. डिस्क भरली की सगळ्यात जुन्या दिवसावर नवा दिवस लिहितं, शाळेची पाटी पुसून पुन्हा लिहावं तसं. त्या दिवशी आम्ही डिस्क काढून, सही-शिक्क्यानं पाकीट बंद करून तिजोरीत ठेवली आणि नवी घातली.

तर नव्या कॅमेऱ्यांसाठी तीन कोटेशनं मागवली. पहिली दोन आली आणि मी चक्रावले. एकानं सोळा कॅमेरे दोन मेगापिक्सेलचे, एकानं सोळाच पण पाच मेगापिक्सेलचे. एकात केबलचा भाव मीटरवर, दुसऱ्यात 'एकूण'. तुलना करायची तर दोन्हींत सारखं काहीतरी हवं ना! दोघांचंही सांगणं एकच होतं, जास्त मेगापिक्सेल म्हणजे जास्त स्वच्छ. दोघांपैकी एकानंही गेटपाशी उभं राहून बघितलं नव्हतं.

तिसरा आला तो पंचविशीतला मुलगा, पाठीला सॅक आणि हातात मोजपट्टी. कॅटलॉग काढलाच नाही. गेटपाशी उभा राहून विचारलं, "काकू, इथं तुम्हाला नक्की काय दिसायला हवंय? कुणीतरी आलं हे, की ओळखीचा माणूस आहे हे, की अनोळखी माणसाचा चेहरा?" मी म्हटलं, "सगळंच." तो म्हणाला, "मग हिशोब करू."

हा हिशोब मी दुधाच्या वहीत केला आणि तो मला फार आवडला. कॅमेऱ्याचं चित्र म्हणजे ठिपक्यांची रांगोळी. दोन मेगापिक्सेलच्या चित्रात आडवे 1920 ठिपके असतात. समोरच्या दृश्याच्या रुंदीला ते वाटून टाकायचे, म्हणजे एका मीटरच्या वाट्याला किती आले ते कळतं. यासाठी आयईसी 62676 नावाचं आंतरराष्ट्रीय मानक आहे. मीटरला 25 ठिपके असले की कुणीतरी आहे एवढं समजतं. 125 असले की ओळखीचा माणूस ओळखता येतो. अनोळखी माणसाची ओळख पटवायची तर 250 लागतात.

आमचा जुना कॅमेरा ए विंगच्या पहिल्या मजल्यावर, गेटपासून 18 मीटरवर. लेन्स 2.8 मिलिमीटरची, जी साधारण 100 अंशांत सगळं बघते. इतक्या अंतरावर तिच्या चित्राची रुंदी होते 43 मीटर. म्हणजे गेट, बाहेरचा रस्ता, समोरचं मेडिकल, त्यापलीकडचं चाफ्याचं झाड, सगळं. 1920 भागिले 43, मीटरला पंचेचाळीस. माणसाचा चेहरा सोळा-एक सेंटीमीटर रुंद धरला तर त्याच्या वाट्याला सात ठिपके. सात ठिपक्यांत तुम्ही माझा चेहराही ओळखणार नाही. आणि त्याच जागी आठ मेगापिक्सेलचा महागडा कॅमेरा लावला असता तरी मीटरला नव्वदच्या आसपासच आले असते, ओळखीचा माणूसही धड कळला नसता. पाच वर्षं आम्ही चाफ्याच्या झाडाचं उत्तम रेकॉर्डिंग करत होतो.

उपाय लेन्समध्ये होता. जितके मिलिमीटर जास्त, तितकं बघणं अरुंद आणि लांबचं जवळ दिसणारं. झूम बदलता येणारी लेन्स घेऊन गेटची सहा मीटर रुंदी आणि बाजूला थोडंसं, एवढंच चित्रात बसवलं की चार मेगापिक्सेलचे आडवे 2560 ठिपके सात मीटरला वाटले जातात. मीटरला साडेतीनशेच्या वर.

दिवसाचं झालं. चोर मात्र रात्री येतो. मी त्या मुलाला म्हटलं, रात्री दाखव. तो खरंच रात्री अकराला आला, बांबूला कॅमेरा बांधला, वॉचमनच्या केबिनमधून वायर ओढली. आमच्या ह्यांना गेटमधून आत-बाहेर चालायला लावलं, मग स्कूटरवरून. तिसऱ्या फेरीला हे वैतागले. "चोर मी नाही, मला झोपू द्या." पण त्या तासाभरात मला जे कळलं ते कुठल्याही माहितीपत्रकात नव्हतं.

अंधारात कॅमेरा स्वतःचा अदृश्य प्रकाश टाकतो, इन्फ्रारेड. चेहऱ्यासाठी ठीक. पण गाडीची नवी उच्च सुरक्षा नंबरप्लेट पडणारा प्रकाश आला त्याच दिशेला परतवते. तिच्यावर तसा लेपच असतो. त्यामुळे चित्रात माणूस दिसत होता आणि नंबरच्या जागी ट्यूबलाइट. वर हेडलाइटचा झोत. आणि कमी उजेडात चित्र घ्यायला कॅमेरा शटर जास्त वेळ उघडं ठेवतो, त्यात चालती गाडी लांबट पुसटशी होते. मग त्यानं शटरचा वेग सेकंदाच्या हजाराव्या भागावर नेला. सगळं चित्र काळं झालं, आमचे हे दिसेनासे झाले, पण नंबर लख्ख. म्हणजे चेहरा आणि नंबर ही दोन वेगळी कामं आहेत, रात्री एकाच कॅमेऱ्याला दोन्ही सांगितली तर एकही धड होत नाही. गेटला दोन कॅमेरे लिहिले : एक चेहऱ्यासाठी, माणसाच्या डोक्याच्या जरासा वर, एक फक्त नंबरसाठी, खाली, गतिरोधकाच्या समोर. फार उंच लावला की टोप्या आणि टक्कलं दिसतात, असं त्याचं म्हणणं.

मग बाकीच्या जागांना तोच प्रश्न विचारत गेलो आणि सोळाचे अकरा झाले. मागचं छोटं गेट आणि पार्किंगचं तोंड धरून चार चांगले, आयपी, म्हणजे कॉम्प्युटरच्या नेटवर्क केबलवर चालणारे. तीन लिफ्ट, तीन जिन्यांची तोंडं आणि पंपरूम इथं साधे दोन मेगापिक्सेलचे. तिथं जुन्या पद्धतीच्या कॅमेऱ्यांची थ्री प्लस वन केबल शाबूत होती. भिंती फोडून ती फेकायची काही गरज नव्हती. जुन्या केबलीवरचे आणि नवे आयपी असे दोन्ही कॅमेरे घेणारा एक्सव्हीआर नावाचा रेकॉर्डर मिळतो, तो घेतला. आयपी कॅमेऱ्याला एकाच कॅट सिक्स केबलमधून वीज आणि चित्र दोन्ही जातं, पण 100 मीटरपर्यंतच. मागचं गेट भिंतीकडेनं 120 मीटर निघालं, म्हणून मध्ये पंपरूमपाशी पेटीत नेटवर्कचा एक स्विच बसवावा लागला. पहिल्या कोटेशनमध्ये केबल इतकी स्वस्त का, हेही तेव्हाच कळलं. त्या मुलानं नमुन्याची तार ब्लेडनं खरवडून दाखवली. वर तांबं, आत चंदेरी अॅल्युमिनियम. अशा तारेतून लांबवर वीज नेली की वाटेतच गळते आणि रात्री इन्फ्रारेड लागला की कॅमेरा बंद-चालू होत राहतो.

डिस्कचा हिशोब मात्र मी एकटीनं केला, व्याज काढण्यापेक्षा सोपा आहे. कॅमेरा सेकंदाला एक मेगाबिट लिहीत असेल तर दिवसाचे 10.8 जीबी. पहिल्या कोटेशनमध्ये सोळा कॅमेरे, प्रत्येकी दोन मेगाबिट आणि दोन टीबीची डिस्क होती, 'महिनाभराचं बॅकअप आरामात'. सोळा दुणे बत्तीस, दिवसाला साडेतीनशे जीबीच्या घरात. सहा दिवस पुरत नाही! फोन केला तर म्हणाले, "मॅडम, हालचाल असेल तेव्हाच रेकॉर्ड होतं." सोसायटीच्या गेटवर हालचाल कधी नसते? आमचं असं : चार कॅमेरे चार मेगाबिटचे, सात एक-एक मेगाबिटचे, एकूण 23. दिवसाला सुमारे 248 जीबी, तीस दिवसांना साडेसात टीबी. आठ टीबीची डिस्क, तीही चोवीस तास लिहिण्यासाठी बनवलेली. कॉम्प्युटरची साधी डिस्क या कामात लवकर मान टाकते.

पासवर्डची लाज अजून गेली नव्हती. 2016 मध्ये मिराई नावाच्या व्हायरसनं जगभरातले असेच, कारखान्यातला पासवर्ड तसाच ठेवलेले लाखो कॅमेरे आणि डीव्हीआर ताब्यात घेतले होते आणि त्यांच्याकरवी अमेरिकेतल्या मोठमोठ्या वेबसाइट काही तास बंद पाडल्या होत्या. आमचाही डीव्हीआर त्याच वंशातला. आपल्याकडे एप्रिल 2025 पासून नव्या कॅमेऱ्यांना सरकारी सुरक्षा चाचणी सक्तीची झाली आहे, एसटीक्यूसीचं प्रमाणपत्र. कोटेशनमध्ये मॉडेल क्रमांक लिहून घेतले आणि प्रत्येकाचं प्रमाणपत्र मागितलं. एका विक्रेत्यानं त्यानंतर फोनच उचलला नाही.

सर्वसाधारण सभा सप्टेंबरच्या शेवटच्या रविवारी होती. खर्चावर कुणी बोललं नाही. भांडण पेटलं ते जिन्यातल्या कॅमेऱ्यावरून. सी विंगच्या तळमजल्यावरच्या ताई उठून म्हणाल्या, "तुमच्या कॅमेऱ्यात माझं दार येतं. माझ्याकडे कोण येतं-जातं ते सोसायटीनं का बघायचं?" दोघं-तिघं हसले. मला हसू आलं नाही, कारण त्यांचं बरोबर होतं. कॅमेऱ्यात चित्राचा ठरावीक भाग काळा करायची सोय असते, त्यांचं दार तसं झाकलं. शिवाय ठरलं की थेट चित्र सगळ्यांच्या मोबाइलवर द्यायचं नाही. पासवर्ड दोघांकडेच, आणि फुटेज बघायचं तर वहीत नाव, तारीख, कारण. यावर चेअरमन जरा नाराज झाले. त्यांना घरबसल्या बघायला आवडायचं.

पोलिसांना फुटेज देण्याचा कागदही तयार करून ठेवला. आता भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 प्रमाणे असं रेकॉर्डिंग कोर्टात द्यायचं तर सोबत प्रमाणपत्र लागतं. आधी, जुन्या पुरावा कायद्यात, तेच कलम 65-ब होतं. ते प्रमाणपत्र आवश्यकच आहे, हे सर्वोच्च न्यायालयानं 2020 मध्ये ज्या खटल्यात ठासून सांगितलं तो आपल्या जालन्याचा. 2014 च्या विधानसभा निवडणुकीत उमेदवारी अर्ज वेळेत आला की नाही, हे निवडणूक अधिकाऱ्याच्या कार्यालयातल्या व्हिडिओवरून ठरवायचं होतं. तिथंही वाद घड्याळाचाच, दुपारच्या तीनचा.

दिवाळीआधी काम पूर्ण झालं. पैसे तीन हप्त्यांत ठरवले होते, शेवटचा हप्ता रात्रीची चाचणी पास झाल्यावर. आमचे हे पुन्हा एकदा स्कूटरवरून फिरले, या वेळी न कुरकुरता. स्कूटर मात्र आजतागायत मिळालेली नाही. बी विंगमधल्या मुलानं विम्याच्या पैशांतून दुसरी घेतली.

पंधरा दिवसांनी गेटचं रात्रीचं चित्र अचानक धुक्यासारखं झालं. मी घाबरून कॅमेरेवाल्या मुलाला फोन लावला. म्हणाला, "काकू, झाडू घ्या." इन्फ्रारेडवर किडे येतात आणि किड्यांमागे कोळी, त्यानं थेट काचेसमोर जाळं विणलं होतं. तेव्हापासून दर रविवारी सकाळी वॉचमनकाका लांब काठीला कुंचा बांधून अकराच्या अकरा कॅमेऱ्यांवरून फिरवतात, मग गेटवरच्या कॅमेऱ्यापुढे स्वतःचा मोबाइल धरून उभे राहतात. मी ऑफिसात पडद्यावरची वेळ आणि मोबाइलवरची वेळ जुळते का बघते, आणि वहीत लिहिते. गेल्या रविवारी तीन सेकंदांचा फरक होता.