एकादशीच्या ताटाचा हिशेब

आमच्या घरी महिन्याला दोन एकादश्या, एक संकष्टी आणि सासूबाईंचे सोमवार. ‘एकादशी अन् दुप्पट खाशी’ ही म्हण त्यांना आता लागू नाही. ऐंशी ओलांडल्यापासून त्या चार घास खातात आणि ताट सरकवतात. त्यामुळे त्या चार घासांत काय जातं, हा प्रश्न मला पडायला लागला. बँकेत आयुष्य गेलेलं, वही-पेन्सिल घेतल्याशिवाय चैन पडत नाही.

साबुदाणा आणि राजगिरा दोन्ही कोरडे तोलले तर 100 ग्रॅममागे कॅलरी जवळपास सारख्याच, साडेतीनशेच्या आसपास. पण साबुदाणा म्हणजे टॅपिओकाच्या कंदाचा निव्वळ स्टार्च. प्रथिनं अर्धा ग्रॅमसुद्धा नाहीत. राजगिऱ्यात तेरा-चौदा ग्रॅम, शिवाय लोह आणि कॅल्शियम. कॅलरी तितक्याच, पदरात पडणारं मात्र कितीतरी जास्त. पोषणघनता म्हणतात ती हीच.

इथवर सरळ आहे. पुढे वजनावर गेलं की गंमत होते. 100 ग्रॅम शेंगदाण्यांत प्रथिनं सुमारे 24 ग्रॅम, दह्यात जेमतेम तीन-साडेतीन. कोणीही म्हणेल, दाणे जिंकले. पण दह्यात बहुतेक पाणीच असतं. दोन्हींच्या 100 कॅलरी मोजून घ्या: दाणे मूठभर, वीसेक ग्रॅम, दही मोठी वाटीभर. आता प्रथिनांत दही दाण्यांना मागे टाकतं, आणि कॅल्शियम तर तेवढ्याच कॅलरींच्या राजगिऱ्यापेक्षा तिपटीहून जास्त देतं. पाकिटांवरचे ‘100 ग्रॅममध्ये इतके’ वाचून मी हल्ली आधी कॅलरीचा आकडा शोधते.

राजगिऱ्याच्या चिक्कीचा मोह पडतो, पण तिथे गूळ किती आहे बघा. लाह्या फुलून जागा अडवतात, वजन गुळाचं.

तर आता एकादशीला राजगिऱ्याच्या पिठाचं थालीपीठ, त्यात किसलेली काकडी, दाण्याचं कूट, जिरं, हिरवी मिरची. बरोबर वाटीभर दही आणि लिंबाची फोड. धान्या-दाण्यांतलं लोह अंगी लागायला क जीवनसत्त्वाची मदत होते, म्हणून लिंबू. चहा त्याच लोहाच्या आड येतो, म्हणून तो तासाभरानं. या दुसऱ्या कलमावर घरात रोज वाद होतो आणि बहुतेक वेळा मी हरते.

खिचडी बंद केलेली नाही. ती बंद करणाऱ्या सुनेचं काय होतं ते मला बघायचं नाही. साबुदाणा कमी, कूट जास्त, एवढाच फेरफार. तशीही खिचडीतली जवळजवळ सगळी प्रथिनं कुटाचीच. नवऱ्याच्या लक्षात आलं, “आज दाणे स्वस्त झाले का?” म्हणाले आणि दुसऱ्यांदा वाढून घेतली.

तुपावर मात्र आमचं ठरलंय. सासूबाईंचं वजन उतरत चाललंय, त्यांच्या थालीपिठावर तूप सढळ हातानं. माझं चढत चाललंय, म्हणून माझं जवळजवळ कोरड्या तव्यावर. एकच पीठ, दोन हिशेब.

“अगं, तूसुद्धा घे की थोडं,” त्या दर वेळी म्हणतात. “अहो आई, माझी ठेव आधीच भरपूर आहे.”