16 डिसेंबरच्या आधीचा आठवडा

विजय दिन जवळ आला की आमच्या नौपाड्यातल्या सोसायटीच्या ग्रुपवर तो फोटो येतोच: पाकिस्तानचे जनरल नियाझी शरणागतीवर सही करताहेत, शेजारी आपले जनरल अरोरा. फोटो मलाही प्रिय आहे. पण पाकिस्तानी फौजेने ढाक्यात शस्त्रं खाली ठेवली 16 डिसेंबर 1971ला, आणि तिथलं सरकार त्याआधीच कोसळलं होतं. त्याबद्दल आपण फार कमी बोलतो.

माझी सगळी नोकरी ठाण्यात सरकारी कचेरीत गेली, टिपणं लिहिण्यात आणि आवक-जावक सांभाळण्यात. म्हणून असेल, त्या दिवसांतल्या ढाका-इस्लामाबाद तारा वाचताना माझ्या अंगावर काटा येतो. 9 डिसेंबरला पूर्व पाकिस्तानचे (आताच्या बांगलादेशचे) गव्हर्नर डॉ. मलिक राष्ट्राध्यक्ष याह्याखानांना कळवतात, की लढाई थांबवा, राजकीय तोडगा काढा. उत्तर येतं, की पूर्वेचा निर्णय तुमच्यावर सोपवला आहे. ‘आपल्या स्तरावर उचित कार्यवाही करावी’ असा शेरा मारून वरचा साहेब फाईल खाली ढकलतो ना, अगदी तसं. दुसऱ्या दिवशी मलिकांचे लष्करी सल्लागार मेजर जनरल राव फर्मान अलींनी युद्धबंदीचा प्रस्ताव संयुक्त राष्ट्रांच्या ढाक्यातल्या प्रतिनिधीकडे दिला, तर इस्लामाबादने हात झटकले!

14ला भारतीय मिग-21 विमानांनी गव्हर्नर हाऊसवर रॉकेटं डागली. मलिकांनी तिथेच एका चिटोऱ्यावर बॉलपेनने राजीनामा लिहिला, हातपाय धुऊन नमाज पढला, आणि मंत्र्यांसह रेडक्रॉसच्या संरक्षणाखालच्या इंटरकॉन्टिनेंटल हॉटेलात आसरा घेतला. तिकडे पश्चिमेत 7 तारखेला पंतप्रधान केलेले नुरुल अमीन 13 दिवस टिकले. 20ला याह्याही गेले, भुट्टो आले.

माझ्या भाचीने विचारलं, मलिकांची कीव नाही येत? येते गं. लष्कराने पुढे केलेला म्हातारा माणूस. पण 25 मार्चच्या रात्रीपासून लष्कराने ढाक्यात काय हत्याकांड चालवलं होतं ते ठाऊक असूनही सप्टेंबरात त्यांनी ते पद घेतलं. तेव्हा नाही म्हणायला हवं होतं.

आणि याच दिवसांत पाकिस्तानी लष्कराच्या साथीला असलेल्या अल-बद्र या सशस्त्र टोळीचे लोक ढाक्यात प्राध्यापकांना, डॉक्टरांना, पत्रकारांना घरांतून उचलून नेत होते. त्यांतल्या अनेकांची प्रेतं पुढे ढाक्यातल्याच रायेरबाजारला सापडली. 10 तारखेलाच इस्लामाबादने त्या प्रस्तावाची जबाबदारी घेतली असती, तर त्यांतली किती माणसं घरी राहिली असती? हा हिशेब मी याह्याखानांच्याच नावावर मांडते.