चार मीटरच्या आत

तिसऱ्या पिढीच्या मारुती स्विफ्टमध्ये मागे बसायला निघालेला नवखा पाहुणा एकदा तरी हटकून फसतो. सवयीने हात दाराच्या मध्यावर जातो आणि तिथे नुसता गुळगुळीत पत्रा लागतो. तो वाकून बघतो, दोन पावलं मागे सरतो, तोवर आतून कुणीतरी ओरडतं, "वर, वर, काचेच्या मागे!" खिडकी जिथे संपते तिथल्या काळ्या खांबात हँडल उभं लपवलेलं असतं. बोटं आत सरकवायची आणि दार ओढायचं. मोठ्या माणसाला एकदा कळलं की जमतं. लहान मुलांचा हात मात्र तिथवर पोचत नाही, आणि ज्यांचा खांदा आखडलेला असतो त्यांना तो कोन नकोसा होतो. लांबून पाहणाऱ्याला गाडी दोन दारांची, जरा चटपटीत वाटावी, एवढ्यासाठी हा खटाटोप. २०१८ साली हँडल असं वर चढलं आणि २०२४ साली, चौथ्या पिढीत, मुकाट्याने पुन्हा दारावर उतरलं.

हँडलाची ही चढउतार डिझायनरच्या मर्जीची. पण या गाडीत जे कायमचं बदललं, त्यातलं बरंचसं कुणाच्या मर्जीचं नव्हतंच. ते करआकारणीच्या मोजपट्टीचं.

स्विफ्ट भारतात आली मे २००५ मध्ये. (नाव त्याहून जुनं. सुझुकीच्या कल्टस या गाडीला परदेशात स्विफ्ट म्हणत, आणि त्याच कल्टसचं डिकीवालं रूप आपल्याकडे १९९० साली मारुती १००० म्हणून आलं होतं. म्हणजे घराणं आधीच येऊन गेलेलं, आडनाव मागाहून आलं.) पहिल्या स्विफ्टमध्ये १२९८ सीसीचं, ८७ अश्वशक्तीचं पेट्रोल इंजिन होतं. वर्ष उलटायच्या आत, फेब्रुवारी २००६ च्या अर्थसंकल्पात लहान गाड्यांवरचं उत्पादनशुल्क २४ टक्क्यांवरून १६ टक्क्यांवर आलं. लहान गाडी कोणती? लांबी चार मीटरपर्यंत, इंजिन पेट्रोलचं असेल तर १२०० सीसीपर्यंत आणि डिझेलचं असेल तर १५०० पर्यंत. स्विफ्ट लांबीत आरामात बसत होती. इंजिनाने मात्र घात केला, तोही अवघ्या ९८ सीसींनी. दिसायला लहान, बसायला लहान, पण शुल्क भरताना मोठी, अशी तिची अवस्था झाली.

त्यामुळे २०१० साली जुनं १.३ जाऊन ११९७ सीसीचं के-सिरीज इंजिन आलं, तेव्हा त्यामागे धुराचे नवे निकष होते तसा हा हिशेबही होता. आकडा बघा: ११९७. मर्यादेच्या आत तीन सीसी. ८७ ची ८५ अश्वशक्ती झाली, पण चालवणाऱ्याला तोटा जाणवला नाही. उलट नवं इंजिन जास्त शांत आणि वेगाने फिरायला मोकळं होतं. देखभालीतही फरक पडला. इंजिनाच्या झडपा तालात उघडायला जुन्या १.३ ला रबरी टायमिंग बेल्ट होता, नव्याला साखळी. बेल्टचं वैशिष्ट्य असं की तो तुटेपर्यंत कुरकुर करत नाही. पहिल्या पिढीची पेट्रोल स्विफ्ट जुन्या बाजारात घेताना म्हणूनच रंगाआधी बेल्ट कधी बदलला ते विचारावं. पावती नसेल तर बदललेला नाही असं धरून चालावं, आणि बदलताना टेन्शनर (बेल्ट ताणून धरणारा भाग), वॉटर पंपही बघून घ्यावेत, कारण तिथवर पोचायची मजुरी एकदाच भरायची असते.

डिझेलला १५०० ची मुभा, त्यामुळे तिथे घासाघीस नव्हती. जानेवारी २००७ मध्ये आलेलं १२४८ सीसीचं डीडीआयएस डिझेल इंजिन हे मूळचं फियाटचं मल्टिजेट. तेच इंजिन थोड्याफार फरकाने फियाट आणि टाटांच्या गाड्यांतही होतं, इतकं की चेष्टेने त्याला राष्ट्रीय डिझेल इंजिन म्हणत. ७५ अश्वशक्ती, १९० न्यूटन मीटर टॉर्क, म्हणजे ओढण्याचा जोर. पण हा टॉर्क येतो २००० आरपीएमला (इंजिनाचे मिनिटाला फेरे), आणि त्याखाली गाडी झोपलेली असते. घाटातल्या अरुंद वळणावर दुसऱ्या गिअरमध्ये आरपीएम दीड हजारावर घसरला की अ‍ॅक्सिलरेटर पार तळाला टेकवूनही ती ओढत नाही, मागचा हॉर्न वाजवू लागतो, आणि मग टर्बो, इंजिनात जादा हवा कोंबणारा पंखा, जागा होतो तो सगळा दम एकदम घेऊनच. उपाय एकच: वळणाआधी गिअर उतरवायचा, वळणात शिरल्यावर नाही. जमलं तर काटा १८०० च्या खाली जाऊच द्यायचा नाही.

या डिझेलची साखळी दणकट असते, पण तिचा टेन्शनर ऑइलच्या दाबावर चालतो. ऑइल बदलायला उशीर केला, पातळी कमी राहू दिली किंवा भलत्याच ग्रेडचं भरलं की टेन्शनर ढिला पडतो आणि सकाळच्या पहिल्या स्टार्टला डब्यात खिळे हलवल्यासारखा आवाज येतो. दोन-तीन सेकंदांत थांबला तर ठीक. रोज लांबत गेला तर साखळी, ती ज्यावरून सरकते ते गाइड आणि टेन्शनर तिन्ही एकत्र बदलायचे. नवी साखळी जुन्या गाइडवर चढवणं म्हणजे नवी चप्पल घालून त्याच काट्यातून जाणं. हायवेवरून भरधाव आल्यावर गाडी लगेच बंद करू नये. अर्धा-एक मिनिट आयडलिंगवर, म्हणजे उभ्या जागी इंजिन चालू, ठेवावी, नाहीतर तापलेल्या टर्बोच्या बेअरिंगमध्ये अडकलेलं ऑइल तिथेच करपतं. एप्रिल २०२० पासून धुराचे बीएस-६ निकष आले आणि स्विफ्टमधलं डिझेल संपलं. पुन्हा आलेलं नाही.

दुसरी पिढी ऑगस्ट २०११ ची. पहिली इतकी खपली होती की बदलायला हात धजावला नसावा. समोरून येणारी कोणती हे ओळखायला हेडलाइटचं टोक बघावं लागे, ते नव्या गाडीत मागे लांब ओढलेलं असे. व्हीलबेस, म्हणजे पुढच्या-मागच्या चाकांमधलं अंतर, मात्र २३९० वरून २४३० मिलिमीटर झाला. ४० मिलिमीटर म्हणजे दोन बोटं, पण ती थेट मागच्या माणसाच्या गुडघ्यांपुढे मिळाली. लांबी झाली ३८५० मिलिमीटर. डिकीचं मात्र कुणाला काही पडलं नव्हतं: २०४ लिटर. एक मोठी बॅग आडवी ठेवली की उरलेल्या जागेत चपलांची पिशवी.

डिकी हवी असेल त्याने डिझायर, म्हणजे स्विफ्टचंच डिकी बाहेर काढलेलं सेडान रूप, घ्यावी, असं त्यावर कंपनीचं उत्तर. आणि मोजपट्टीने खरा हात दाखवला तो डिझायरवर. २००८ च्या पहिल्या डिझायरची लांबी होती ४१६० मिलिमीटर. म्हणजे डिझेल इंजिन सवलतीच्या आत, शेपूट बाहेर. २०१२ च्या दुसऱ्या डिझायरला त्यांनी शेपूटच छाटलं: लांबी ३९९५, सवलतीच्या आत पाच मिलिमीटर. डिकी ४४० लिटरवरून ३१६ वर आली. बाजूने बघितलं की मागची काच उतरते तिथेच गाडी संपल्यासारखी वाटे, शिंप्याला कापड कमी पडल्यावर शर्टाची होते तशी. दिसायला ती बेढब होती, यावर आजही कुणी वाद घालत नाही. पण टॅक्सीवाल्यांनी ती डोक्यावर घेतली, इतर कंपन्यांनी चार मीटरच्या आत बसणाऱ्या सेडान काढल्या, आणि जगात फारशी कुठे नसलेली एक जात आपल्याकडे रस्तोरस्ती दिसू लागली.

तिसरी पिढी, फेब्रुवारी २०१८. हीच अभियांत्रिकीच्या अंगाने सगळ्यांत रंजक. गाड्या पिढीगणिक जाड होतात, हा जगाचा रिवाज. ही उलट वाळली. हार्टेक्ट नावाच्या नव्या सांगाड्यावर पेट्रोल गाडीचं वजन ८५५ ते ८८० किलोंत आलं, आधीच्यापेक्षा शंभरेक किलोंनी कमी. वाढीव ताकदीचं पोलाद पातळ वापरायचं, सांगाड्याचे कोन काढून त्याला सलग वळण द्यायचं, म्हणजे मधले जोडपट्टे कमी लागतात, अशी युक्ती. बाहेरून लांबी दहा मिलिमीटरने घटली आणि आत मात्र व्हीलबेस २० ने, रुंदी ४० ने वाढली. डिकी २०४ ची २६८ लिटर झाली. पेट्रोलची टाकी ४२ वरून ३७ लिटरवर आणली तरी कागदावर पल्ला वाढलाच: २०११ साली ४२ गुणिले १८.६ म्हणजे ७८१ किलोमीटर, आता ३७ गुणिले २२ म्हणजे ८१४. प्रत्यक्षात शहरात एवढं अ‍ॅव्हरेज कुणालाच मिळत नाही, पण तुलना खरी आहे.

या वाळण्याची दुसरी बाजू दार लावताना ऐकू येते. पहिल्या पिढीचं दार ‘धप्प’ लागायचं, तिसरीचं ‘टप्प’. नुसत्या आवाजावरून मजबुती ठरत नाही, हे खरं. पण गाड्या आदळून सुरक्षा तपासणाऱ्या ग्लोबल एनकॅपच्या चाचणीत २०१४ मध्ये विनाएअरबॅगच्या स्विफ्टला प्रौढांच्या सुरक्षेसाठी शून्य तारे मिळाले होते, २०१८ मध्ये दोन एअरबॅग असलेल्या तिसऱ्या पिढीला दोन, आणि २०२२ मध्ये कडक झालेल्या निकषांवर एकच. अ‍ॅव्हरेजचा आकडा पाठ असणाऱ्या खरेदीदाराला हे आकडे पाठ नसतात, ही काही फक्त कंपनीची चूक म्हणता येणार नाही. चौथ्या पिढीत सहा एअरबॅग आणि ईएसपी (घसरती गाडी सावरणारी यंत्रणा) अगदी खालच्या मॉडेलपासून आहेत.

तिसरीत एएमटी आली, आणि गैरसमजही आले. हा खरा ऑटोमॅटिक गिअरबॉक्स नव्हे. नेहमीचाच पाच गिअरचा खोका, नेहमीचाच एक क्लच. फक्त तो दाबायला पायाऐवजी यंत्र. त्यामुळे चढावर सिग्नलला थांबल्यावर ब्रेक सोडून अ‍ॅक्सिलरेटरवर गाडी तोलून धरली तर क्लच तसाच जळतो जसा तुमच्या पायाखाली जळला असता, फरक एवढाच की इथे नाकाला वास येईपर्यंत पायाला काही कळत नाही. चढावर ब्रेक किंवा हँडब्रेक. आणि गिअर बदलताना गाडी मान खाली घालते ती चुकवायची असेल, तर बदलाच्या क्षणी पाय किंचित उचलावा. दोन दिवसांत अंदाज येतो.

पिढी कुठलीही असो, काही आवाज घराण्यातच आहेत. धक्के झेलायला सगळ्यांना पुढे मॅकफर्सन स्ट्रट, मागे टॉर्शन बीम. हळू वेगात बारीक खड्ड्यांवर कोरडं ‘टक टक’ ऐकू आलं तर बहुधा लिंक रॉड, म्हणजे स्ट्रटला जोडलेला छोटा दांडा. स्वस्त भाग, पण दोन्ही बाजूंचे जोडीने बदलावेत. ब्रेक मारताना एकच जाड ‘धक’ बसली तर लोअर आर्मचं (चाक धरणाऱ्या खालच्या दांड्याचं) रबरी बुश, आणि ते बदलल्यावर चाकांची अलाइनमेंट करायलाच हवी. उभ्या गाडीत स्टिअरिंग पूर्ण फिरवताना स्प्रिंग सुटल्यासारखा आवाज आला तर स्ट्रटच्या वरचं बेअरिंग. बऱ्याच वेळा लिंक रॉडच्या आवाजासाठी अख्खे शॉक अ‍ॅब्सॉर्बर बदलले जातात, आणि टकटक तशीच घरी येते.

टायरचंही एक सांगण्यासारखं आहे. खालच्या मॉडेलला १६५/८० आर १४, वरच्याला १८५/६५ आर १५. चाकाची एकूण उंची दोन्हींत जवळपास सारखीच, सुमारे ६२० मिलिमीटर. पण पहिल्याची रबरी भिंत १३२ मिलिमीटर, दुसऱ्याची १२०. त्या बारा मिलिमीटर रबरामुळे स्वस्त मॉडेल खड्ड्यात जास्त मऊ जातं आणि रिम वाकायचा धोका कमी. अलॉय व्हीलच्या फोटोत हे दिसत नाही.

आता मे २०२४ ची चौथी पिढी. लांबी ३८६०, म्हणजे चार मीटरपर्यंत अजून १४० मिलिमीटर हातात आहेत. इंजिन नवं, पण आकडा पुन्हा तोच, ११९७. सप्टेंबर २०२५ मध्ये लहान गाड्यांवरचा जीएसटी १८ टक्के आणि मोठ्यांवरचा ४० झाला, तेव्हाही लहानपणाची व्याख्या तीच राहिली, चार मीटर आणि १२०० सीसी. बदललं ते आतलं. तेवढेच सीसी चारऐवजी तीन सिलिंडरांत वाटले. घासणारे भाग कमी, म्हणून अ‍ॅव्हरेजचा दावा २४.८ वर गेला. २०२१ च्या चार सिलिंडरवालीचा २३.२ होता. अश्वशक्ती मात्र ९० वरून ८२ वर आली. गावात फरक कळत नाही. हायवेवर पाचव्या गिअरमध्ये ट्रकला मागे टाकताना कळतो. तिथे चौथा टाकावा, इंजिनाची लाज बाळगू नये.

तीन सिलिंडरांची खरी किंमत सिग्नलवर मोजली जाते. चार सिलिंडरांत क्रँकच्या, म्हणजे पिस्टन फिरवतात त्या दांड्याच्या, दर १८० अंशांना एक स्फोट, तिनांत दर २४० ला. ठोक्यांमधली फट वाढली की आयडलिंगला ठोके सुटे जाणवतात, शिवाय तीन पिस्टनांचा तोल पुरता जुळत नसल्याने इंजिन दोन टोकांवर डुलतं, आणि ते डुलणं गिळायचं काम इंजिन ज्यावर टेकतं त्या माउंटच्या रबराचं. नव्या गाडीत ते नीट गिळतं. एसीचा कॉम्प्रेसर लागला की स्टिअरिंगवर हलकी थरथर येते, ती या जातीची सवय समजावी. पुढे कधी ती वाढल्यासारखी वाटली तर गाडी उभी करून एसी बंद करून बघावा. थरथर तिथल्या तिथे ओसरली तर रबर अजून धडधाकट आहे. एसी बंद करूनही आतल्या आरशातला मागचा ट्रक हलतच राहिला, तर आधी प्लग आणि कॉइल तपासायचे, मग माउंट.