कातळाचा हुंकार

भाच्याला गोष्ट सांगायची तर एकच अट: त्याने हुंकार द्यायचा. आमच्या घरात ही रीत आजीपासून चालत आली आहे. हुंकार थांबला की समजायचं, पोर झोपलं. गेल्या मे महिन्यात एका रात्री हुंकार थांबला, आणि मी उठणार एवढ्यात अंधारातून प्रश्न आला, "पण आत्या, तो आवाज येतो कशाने?"

गोष्ट माझ्या कादंबरीतली होती. तीन वर्षं मी एक जग रचते आहे. त्यात समुद्राकाठी एक सडा, म्हणजे कातळाचं सपाट पठार आहे, आपल्या गोव्यातल्या पेडण्याकडच्या सड्यांसारखाच तांबडा, आणि तो कातळ अधूनमधून हुंकारतो. खालच्या गावातले लोक म्हणतात, दर्या त्याला गोष्ट सांगतो आणि सडा 'हूं' म्हणतो. ही कल्पना मला इतकी आवडली होती की 'कशाने' हे मी स्वतःला कधी विचारलंच नव्हतं.

नऊ वर्षांच्या मुलाला "जादूने" म्हणून गप्प करता आलं असतं. मला ते करवेना. त्या जगात पाऊस ढगातूनच पडतो, भाकरी चुलीवरच भाजते. मग एकट्या आवाजालाच कारण का नसावं?

आपल्या पृथ्वीवर असे आवाज कमी नाहीत. काही वाळवंटांतल्या टेकड्या घुमतात. कोरडी, सारख्या कणांची वाळू उतारावरून घसरली की खोल घुमारा उठतो, तो दूरवर ऐकू जातो. आजच्या बांगलादेशातल्या बारिसाल भागात एकोणिसाव्या शतकात लोकांनी दुरून तोफा डागल्यासारखे आवाज ऐकले. 'बारिसालच्या तोफा' हेच नाव पडलं, आणि त्यांच्या कारणाबद्दल आजही एकमत नाही. हे सगळं मी अधाशासारखं वाचलं, पण माझ्या सड्याला त्यातलं काही लागू पडेना.

उत्तर घरातच होतं. नळाखाली कळशी लावली होती. हात पिठाचे, पाठ नळाकडे, आणि तरी कळशी भरत आल्याचं मला कळलं. आवाज आधी जाड, मग बारीक, मग अगदी चढा. लहानपणापासून रोज ऐकलेला हा आवाज त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला असं वाटलं. सड्याखालच्या पोकळीत चढणारी भरती म्हणजे तरी दुसरं काय?

लगेच माळ्यावरून घुमट काढलं. चवथीच्या आरतीला बाबा वाजवायचे ते. मातीचं भांडं, दोन्ही बाजूंनी उघडं; मोठ्या तोंडावर चामडं ताणलेलं, बारक्या तोंडाशी डावा तळवा. पूर्वी चामडं घोरपडीचं असे, ते कायद्याने बंद झालं आणि बकऱ्याचं आलं. 2019 मध्ये गोवा सरकारने घुमटाला राज्याच्या वारसा वाद्याचा दर्जा दिला, याचा मला फार आनंद झाला होता. बाबांचा उजवा हात सगळे बघत, मी डावा बघायची. तळवा उचलला की आवाज उघडायचा, मिटला की खाली बसायचा. तोंड लहान झालं की सूर उतरतो, आतली जागा लहान झाली की चढतो. हेल्महोल्ट्झ या जर्मन शास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकात पोकळ भांड्यांतल्या हवेचं हे गणित अभ्यासलं. आतली जागा चौथाईवर आली की सूर बरोबर एक सप्तक वर जातो.

मग मी वहीत आकडे मांडले आणि पहिलाच अंदाज कोसळला. सड्याखाली मी एक प्रचंड गुहा कल्पिली होती. तिचा हिशेब केला तर सेकंदाला एक कंपनसुद्धा होईना, आणि माणसाला साधारण 20 च्या पुढचंच ऐकू येतं. एवढी मोठी गुहा मुकीच राहणार! दोन दिवस मला काही सुचलं नाही. मग निघोजचे, कुकडी नदीतले रांजणखळगे आठवले. पाण्याच्या भोवऱ्यात गोटे गरगरून कातळात कोरलेले. माझ्या सड्यात आता गुहा नाही, शेकडो रांजण आहेत, समुद्राने खालून पोखरलेले. एकेक साधारण 500 लिटरचा, वर अर्धा मीटर कातळ आणि त्यात 30 सेंटीमीटरचं भोक. असा रिकामा रांजण सुमारे 23 कंपनांवर बोलेल, म्हणजे कानाआधी छातीला कळेल. चारातले तीन हिस्से पाणी चढलं की 46. प्रत्येकाची खोली वेगळी, म्हणून सगळे मिळून एकच जाड, हलता सूर.

रांजण वाजायला तोंडावरून वाराही हवा, बाटलीवर फुंकर मारतो तसा. खारा वारा येतो दुपारी, सूर्याच्या वेळापत्रकाने. भरती येते चंद्राच्या. आपल्याकडेही ती रोज सुमारे 50 मिनिटं उशिरा येते. माझ्या जगात तर चंद्र दोन आहेत, एकाची फेरी 20 दिवसांची, दुसऱ्याची 30 ची. दर 60 दिवसांनी दोघे एकाच बाजूला येतात, मध्ये एकदा समोरासमोर, आणि दोन्ही वेळा उधाण. वारा आणि भरती जुळली तरच हुंकार. म्हणूनच गावाला त्याचा नेम कधी सापडलेला नाही. या जागी मी स्वतः थरारले, कारण आवाजाचं कारण कळल्यावर मला सडा जास्तच गूढ वाटायला लागला.

काल हे सगळं भाच्याला सांगितलं. गावातली एक म्हातारी सूप घेऊन सड्यावर चढते, एका भोकावर ते अर्धं सरकवते आणि तेवढाच सूर खाली उतरतो, इथपर्यंत त्याने नीट हुंकार दिला. मग विचारलं, "वारा नसेल तर?"

"भरती येतेच. आवाज येत नाही."

"म्हणजे दर्या गोष्ट सांगतोय, पण सडा झोपलाय."

आज सकाळी ते वाक्य मी तसंच्या तसं म्हातारीच्या तोंडी घातलं.